द्वारा श्री. शार्दूल

अक्रा, घाना
५ नोव्हेंबर २०२४

ती. बाबांस शि. सा. न.

रागाचं बोलणं फोनवर करायचं नाही, पत्रात लिहायचं, हा तुमचाच दंडक. तेव्हा लिहिते.

पेठेतलं चित्रमंडळ मार्चात माझा सिनेमा दाखवणार, याचा केवढा आनंद झाला होता. दिवाळीत वाटलेल्या कार्यक्रमपत्रिकेचा फोटो शेजारच्या अनुजानं पाठवला आणि टाळकंच सटकलं. लेखन व निर्मिती श्री. शार्दूल कुरुंदवाडकर, साहाय्य सौ. मधुवंती! अहो, तुमचे जावई इथल्या औषधकंपनीत आहेत. सिनेमा लावला की मध्यंतराआधी घोरतात. इथं अकरा वर्षं मालिका लिहिल्या, तीन सिनेमे उभे केले, ते मी. मासळी धुरावर सुकवणाऱ्या बायकांशेजारी दोन महिने बसून ही कथा लिहिली. केसांतला धुराचा वास अजून गेलेला नाही. चित्रीकरणात जनरेटर बंद पडला की दिग्दर्शिका अबेना मला हाक मारते, शार्दूलला नाही.

मंडळात जाऊन विचारा, हा शहाणपणा कुणाचा. दुरुस्ती झाली नाही तर मी येणार नाही. आईला नमस्कार. लोभ असू द्या. राग माझ्याकडे पुष्कळ आहे.

तुमची
मधुवंती

कोल्हापूर
२७ नोव्हेंबर २०२४

चि. सौ. मधुवंतीस अनेक आशीर्वाद.

मंडळात जायची गरज नाही. माहितीचा कागद मीच लिहून दिला होता.

तू एकटी पुढं गेलीस आणि शार्दूल दीड वर्षानं नोकरी सोडून तुझ्यामागं आला, हे मी गावात कधी सांगितलंच नाही. लेक नवऱ्याला मागं ठेवून सिनेमासाठी आफ्रिकेत गेली, हे मास्तर म्हणवून घेणाऱ्यानं कोणत्या तोंडानं सांगायचं? जावयाची बदली झाली म्हणालो. पुढं सिनेमाचं कुणी विचारलं, तेव्हा तोही त्यालाच चिकटवला. आता या वयात माझी शोभा करू नकोस. एवढ्या वेळी निभावून ने. आई माझ्याशी बोलत नाही.

तुझे
बाबा

अक्रा
१९ डिसेंबर २०२४

ती. बाबांस नमस्कार.

शार्दूलला पत्र वाचून दाखवलं. तो म्हणाला, फेटा मिळणार असेल तर मी येतो. मला हसू आलं नाही. बायकोमागून आल्याची लाज त्याला नाही, तुम्हाला आहे. पाकिटावर अजून ‘द्वारा श्री. शार्दूल’ लिहिता. बाबा, इथली टपालपेटी माझ्या नावावर आहे.

मी निभावणार नाही. ज्या घरी पत्रिका गेली, तिथं तुम्ही स्वतः जाऊन खरं सांगा. नाहीतर सिनेमा एकटाच येईल.

मधुवंती

कोल्हापूर
१४ जानेवारी २०२५

चि. मधुवंतीस आशीर्वाद.

दोन दिवस तुझ्यावर चिडून होतो. तिसऱ्या दिवशी आईनं माझी काठी आणि पेन उंबऱ्यात आणून ठेवलं, तेव्हा निघालो. घरोघरी पत्रिका मागून घेतली, शार्दूलचं नाव खोडलं, तुझं लिहिलं आणि अकरा वर्षांचं खोटं सांगितलं. सयाजीरावांनी चहा पाजून विषय बदलला. दूध घालणाऱ्या अंबूबाईंनी मात्र चरवी खाली ठेवली आणि म्हणाल्या, “मास्तर, समद्यास्नी पयल्यापास्नं ठावं हाय की. तुमच्या तोंडनं कवा निघतंय, तेवढंच बघत हुतो.”

म्हणजे इतकी वर्षं सगळी पेठ मलाच सांभाळून घेत होती.

बावीस घरं उरलीत, उद्या जातो. तू ये. शार्दूललाही आण, त्याला फेटा मी बांधीन. पाकिटावर या वेळी नुसतं तुझं नाव घातलं आहे. हात अडखळला, पण घातलं. पोचलं तर कळव.

मधुवंतीचे वडील,
त्र्यंबक