नायकासाठी निळा केक

९ जून १९१३, बर्लिन
दिग्दर्शक राउटेनश्ट्राउख साहेब म्हणाले, लग्नाचं दृश्य नीट उतरलं तर रंगखात्यात कायमची नोकरी. नाहीतर शनिवारी सुट्टी – कायमची! केक माझ्याकडे.
आमच्या चित्रीकरणाच्या काचघरातल्या उन्हात पांढरा केक नुसता भगभगतो. फिकट निळा केला तर पडद्यावर शुभ्र दिसतो. लाल मात्र ठार काळं दिसतं. सगळं वहीत लिहिलेलं आहे.

१० जून
घरमालकीण कूलमायबाईंच्या स्वयंपाकघरात केक केला. वरच्या सायीत कपड्यांची नीळ. आधी स्वतः चमचाभर खाल्ली. सकाळी उठलो तर पुढचं.

११ जून
उठलो.
पण नायक त्साबेल केकला तोंड लावीनात. मी धीर द्यावा म्हणून माझी निळी पडलेली जीभ दाखवली. ते खुर्चीसकट मागे सरकले. साहेब म्हणाले, उद्या यांनी खाल्लं नाही तर तू आजच गेलास असं समज.
कूलमायबाईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, "अरे खुळ्या, आत माझा लाल बेरींचा मुरंबा भर. रंग कोण बघतंय?"

१२ जून
त्साबेल यांनी चार तुकडे खाल्ले! मग वधूचं चुंबन, मग कॅमेऱ्याकडे बघून हसू. सगळ्यांची तोंडं कॅमेऱ्यासाठी आधीच हिरवी-पिवळी रंगवलेली, त्यामुळे वेगळं काही वाटलं नाही. साहेबांनी पाठ थोपटली. वहीत बरोबरची खूण केली.

१३ जून
आज पडद्यावर पाहिलं. केक शुभ्र, अगदी बर्फासारखा.
त्साबेल हसले – तोंडात एक दात नाही! नुसती विहीर. चुंबन झालं आणि वधूला दाढी आली. पुढच्याच दृश्यात ते युद्धावर मरायला निघतात. कॅमेरावाला हसता हसता खुर्चीवरून खाली पडला. साहेब उठून बाहेर गेले.
मी केक बाहेरून तीनदा तपासला होता. आतून एकदाही नाही.
ब्रश गुंडाळून ठेवले.

१४ जून
साहेबांनी बोलावलं. कंपनीच्या मालकांनी ते दृश्य चारदा लावायला सांगितलं म्हणे, आणि चारही वेळा रडेपर्यंत हसले. आता पुढचे सहाही चित्रपट विनोदी.
मी हळूच विचारलं, "म्हणजे मी कायम?"
"कायम. पण आधी सांग, मुरंबा कुणाचा?"

१६ जून
रंगखात्यात दोन नेमणुका झाल्या. कूलमायबाई प्रमुख. मी बरण्या पुसतो.