ईस्टरचा पेला

मालवण,
२४ एप्रिल २०२५

चि. रिशेल हिस पप्पांचे अनेक आशीर्वाद व बेसांव.

पत्र लिहिण्यास कारण की, तुम्ही सगळे पुण्याला सुखरूप पोचलात हे मम्मीच्या फोनवरून कळले. ती स्पीकर लावून बोलते. माझा डावा कान गेल्यामुळे मला अर्धेच ऐकू येते आणि ओट्यावर बसलेल्यांना मात्र सगळे. तेव्हा पत्रच बरे.

तुझे सासरे पहिल्यांदाच आपल्या घरी जेवले. मम्मीने केलेल्या डुकराच्या सोरपोतेलाचे त्यांनी तोंडभर कौतुक केले, ती अजून ते सांगत फिरते. अ‍ॅलन जावई म्हणून फार चांगला मुलगा आहे. त्याला सांग, त्याने शिकवले ते मी विसरलो नाही. पेला आधी उजेडाकडे धरायचा, मग नाकाशी न्यायचा, मग लहान घोट, मग दोन थेंब पाणी आणि पुन्हा घोट. व्हिस्की बारा वर्षे एका पिंपात मुरवून शेवटचे काही महिने रमच्या रिकाम्या पिंपात ठेवतात, तो गोडवा लाकडातून उतरतो, असे तो म्हणाला. खरेच आहे. नाकाला आधी काकवी आली, मग पिकले केळे, आणि त्यामागून जायफळ. घोट घेतला तेव्हा गोड वाटले, मग मिरीसारखे झाले, आणि नंतर बराच वेळ ते जिभेवरून हलले नाही. मी नुसते छान आहे म्हणालो. त्याला ते कमी वाटले असेल.

व्याही म्हणाले, गोळ्यांचा कोर्स आता संपला असेल, ईस्टरच्या दिवशी व्याह्याचा पेला परत करायचा नसतो. कसल्या गोळ्या ते मला कळेना. तुझ्याकडे पाहिले, तेव्हा कळले. तू मनाला लावून घेऊ नकोस.

उरलेली बाटली अ‍ॅलन प्रेमाने ठेवून गेला, ती मी त्याच संध्याकाळी माझ्या दोस्ताकडे, बाबलीकडे, ठेवायला दिली आहे. मम्मी तेव्हा चर्चमध्ये होती, तिला यातले काही सांगू नकोस. बाबलीच्या मुलीचे, तेजस्वीचे, लग्न जमले. मुलगा पिंगुळीचा, दत्तप्रसाद नाव. ११ मे रोजी साखरपुडा आहे.

देव तुम्हा दोघांना राखो.

तुझा पप्पा,
सांतान


पुणे,
३० एप्रिल २०२५

ती. पप्पांना रिशेलचा सप्रेम नमस्कार. तुमचं बेसांव मागते.

तुमचं पत्र ऑफिसात घेऊन गेले आणि जेवणाच्या सुट्टीत जिन्यात बसून वाचलं. तुम्ही अ‍ॅलनचं कौतुक केलंत, सासऱ्यांचं केलंत, व्हिस्कीचंसुद्धा केलंत. मला मात्र रागाचा एक शब्द बोलला नाहीत. बोलला असतात तर बरं झालं असतं.

आठ वर्षं तुम्ही थेंब घेतला नव्हता. दारूपायी एसटीची नोकरी गेली, ते दिवस मम्मीने आणि मी कसे काढले ते तुम्हाला माहीत आहे. त्यानंतर तुम्ही ती कशी सोडलीत ते आम्हाला माहीत आहे. दुसऱ्या कुणाची मुलगी असती तर तिने हे मान वर करून सांगितलं असतं. मी सासरी सांगितलं की पप्पांनी स्वेच्छानिवृत्ती घेतली. लग्नात टोस्टच्या वेळी तुमच्या हातात कोकम सरबत दिसलं, तेव्हा मी म्हणाले की त्यांना पित्ताच्या गोळ्या चालू आहेत. शाळेच्या स्नेहसंमेलनात तुम्ही खुर्चीवरून पडलात तेव्हा मैत्रिणींना मी म्हटलं होतं की हे आमचे शेजारी. मी तीच आहे, पप्पा. फक्त मोठी झाले.

त्या दिवशी तुम्ही पेला हातात धरून माझ्याकडे पाहिलंत. मी नुसतं नको म्हटलं असतं तरी पुरलं असतं. मी खिडकीबाहेर बघत राहिले. तुम्ही प्यालात ते मला खोटी पडू न देण्यासाठी. हे मला तेव्हाच कळलं होतं, आणि तरी मी गप्प बसले.

बाबलीकाकांना सांगून ती बाटली ओतून टाका. अ‍ॅलनला मी सांगणार आहे, योग्य वेळ बघून सांगते. साखरपुड्याला यायचं फार मनात होतं, पण रजा नाही मिळाली. तेजस्वीला माझ्याकडून गोड पापा द्या.

माझ्यावरचा लोभ कमी करू नका.

तुमची,
रिशेल


मालवण,
१४ मे २०२५

चि. रिशेल हिस बाबलीकाकाचा आशीर्वाद.

माका पत्र लिहायची सवय नाही. तुझी मम्मी, जुलियानावहिनी, तुका फोनवर काहीच सांगूची नाही आणि सांतान तर हयसर घरी नाहीच, म्हणून मीच लिहितो. घाबरू नको. तो जिवंत आहे, बरा आहे.

तुम्ही गेल्यावर चार दिवस तो रोज माझ्याकडे यायचा. काजूच्या बिया सुकत घातलेल्या, त्या हलवायला मदत करायचा आणि जाताना विचारायचा, बाटली आसा मा? मी म्हणायचो, आसा. त्याला तेवढंच ऐकायचं असेल असं मला वाटलं. मग तो येईनासा झाला. नंतर कळलं की कुठूनतरी काजूची हुर्राक मिळवून प्यायला लागलेला. मला ती बाटली पहिल्याच दिवशी ओतूक होयी होती. परक्याची महाग वस्तू म्हणून हात झाला नाही. ही माझी चूक, ती मी कुणावर घालत नाही.

साखरपुड्याला पाव्हणे पंक्तीत बसलेले. सांतान आला. इस्त्रीचा शर्ट घातलेला, पण पाय ठरत नव्हते. मांडवात उभा राहून त्याने सगळ्यांसमोर मागितलं, बाबल्या, माझी बाटली दी, माझ्या जावयाची आसा ती, तू माझो दोस्त की पोलीस? मी त्याला धरून बाहेर नेऊ लागलो, तर तो सरळ आत घुसला आणि तांदळाच्या पिंपामागून बाटली काढून घेऊन आला. मी कुठे लपवली ती त्याला बरोबर ठाऊक. मुलाचे काका समोरच बसलेले. माझ्या घरातून विलायती दारू निघाली हे पंक्तीतल्या सगळ्यांनी पाहिलं. मग बाटली त्याच्या हातातून निसटून फुटली आणि तो खाली बसून रडायला लागला. पाव्हणे अर्ध्या पानावरून उठले. आम्ही विचार करून कळवतो म्हणाले. अजून काही कळवलं नाही.

तेजस्वीने काचा गोळा केल्या आणि मागच्या दारी जाऊन बसली.

दुसऱ्या दिवशी सांतान शुद्धीवर आला आणि मला म्हणाला, माका खंय तरी नेऊन घाल. मी आणि वहिनीने त्याला सावंतवाडीला व्यसनमुक्ती केंद्रात ठेवला. तिकडे फोन देत नाहीत, पत्र देतात. पत्ता खाली लिहिला आहे.

तुका दोष द्यायला हे लिहिलं नाही, चेडवा. पण आपल्या माणसाचं आपल्याला ठाऊक असावं.

जावईबापूंना नमस्कार सांग.

तुझा,
बाबलीकाका


पुणे,
२ जून २०२५

ती. पप्पांना अ‍ॅलनचा नमस्कार.

तुम्हाला मी पहिल्यांदाच पत्र लिहितो आहे, आणि ते अशा वेळी. मराठीतल्या चुका पोटात घाला.

बाबलीकाकांचं पत्र आलं त्या दिवशी रिशेलने मला आणि डॅडींना समोर बसवून सगळं सांगितलं. मधे एकदाही थांबली नाही. डॅडी म्हणाले, पेला आग्रहाने हातात मी दिला, तो माणूस नको म्हणायला तोंड उघडत होता ते मी पाहिलं आणि तरी पुढे केला. तेव्हापासून ते पुष्कळदा तेच बोलतात. आणि मी? मी तुम्हाला पेला कसा धरायचा ते शिकवत होतो. तुम्ही पेला तोंडाशी न्यायला वेळ लावत होतात, ते मला वयामुळे वाटलं. मी म्हणालो सुद्धा की पप्पा, हळूहळू, घाई नाही. हे आठवलं की मला जमिनीत जावंसं वाटतं.

गेल्या शनिवारी मी आणि रिशेल पिंगुळीला दत्तप्रसादच्या घरी गेलो. मी म्हटलं होतं, मी बोलतो. तिने ऐकलं नाही. ओसरीवर त्याचे आईवडील, काका आणि शेजारची माणसं होती. तिने उभं राहूनच सांगितलं की बाटली बाबलीकाकांची नाही, ती आमच्या घरून आली. मांडवात आलेले ते माझे वडील. त्यांना दारूचा आजार आहे. आठ वर्षं त्यांनी ती दूर ठेवली, आणि मी माझी लाज वाचवायला त्यांच्या हातात पेला जाऊ दिला. बाबलीकाकांनी ती लपवली ते माझ्या वडिलांना वाचवण्यासाठी. तुम्हाला राग धरायचा तर माझ्यावर धरा, तेजस्वीवर नको. दत्तप्रसादच्या आईने उठून पाणी दिलं.

काल त्यांचा निरोप आला. लग्न ठरल्याप्रमाणे होईल, दिवाळीनंतर. पण मुलाच्या काकांनी एक अट घातली, ती लिहिताना मला शरम वाटते. तो माणूस मांडवात दिसता कामा नये, असं ते म्हणाले. बाबलीकाका चिडले आहेत. ही अट मानणार नाही म्हणतात.

मम्मींची काळजी करू नका. रिशेल त्यांच्याकडे आठवडाभर राहून येणार आहे. आमच्या घरातलं बाटल्यांचं कपाट डॅडींनी स्वतः रिकामं केलं. मी त्यांना मदत केली. वाईट वाटलं नाही असं म्हणालो तर खोटं होईल, पण केलं.

माझ्यावर राग असला तरी मला तुमचा मुलगा समजा.

आपला,
अ‍ॅलन


सावंतवाडी,
७ जुलै २०२५

चि. रिशेल व चि. अ‍ॅलन यांस पप्पांचे अनेक आशीर्वाद व बेसांव.

तुम्हा दोघांची पत्रे मिळाली. उत्तराला उशीर झाला. लिहायला घेतलेले दोन कागद फाडून टाकले.

अ‍ॅलन, तुझ्यावर राग नाही. तुला कोणी सांगितलेच नव्हते. पण एक गोष्ट तुला खरी सांगतो, कारण इथे खरे बोलायची सवय लावतात. ती दारू वाईट असती तर माझे सोपे झाले असते. ती फार सुंदर होती. इथे गटात बसवून प्रत्येकाला विचारतात, कशाची लाज वाटते. कोणी बायकोला मारले ते सांगतो, कोणी जमीन विकली ते. मी सांगितले की माझ्या दोस्ताच्या मुलीचा साखरपुडा मी मोडायला घेतला, आणि तरीही मला त्या घोटाची चव अजून आठवते. त्या मुलीचे तोंड आठवायच्या आधी ती चव आठवते. कोणी हसले नाही.

काल भेटीचा रविवार होता. बाबली आला होता, सोबत तेजस्वी. ती माझ्याशी बोलेल असे वाटले नव्हते. तिने विचारले, काकानू, जेवण बरा गावता मा? मी मान हलवली. बाबलीने हट्टच धरला, सांतान मांडवात नसेल तर लग्न नको. मी त्याला म्हटले, लग्न तेजूचे आहे, आपल्या दोस्तीचे नव्हे. त्या काकांनी जे पाहिले ते मीच दाखवले, त्यांची अट मला मान्य आहे. बाबली उठून पडवीत गेला आणि बराच वेळ पाठ करून उभा राहिला. तेजस्वी माझ्यापाशी बसून राहिली. मी अट मानली त्यावर ती नको म्हणाली नाही. मला ते बरे वाटले. तिने उगाच गोड बोलून माझी समजूत घातली नाही.

तेव्हा रिशेल, माझ्या जागी तू जा. वाढायला उभी राहा, मम्मीला सोबत ने, आणि कोणी विचारले की बापूस खंय, तर खरे ते सांग. पिंगुळीच्या ओसरीवर तू जे बोललीस ते अ‍ॅलनने लिहिले. मी ते पत्र गटात वाचायला घेतले होते, पण अर्ध्यावर दुसऱ्याला द्यावे लागले.

आणि एक. तुझे मागचे पत्र बरेच दिवस भटकून आले. पाकिटावर तू माझे नाव आणि रस्ता लिहिलास, केंद्राचे नाव लिहिले नाहीस. अक्षर तुझेच होते. या रस्त्यावर सांतान नावाचे कोण राहतात ते पोस्टमनला कसे कळणार? पुढच्या वेळी केंद्राचे नाव पूर्ण लिही. मलाही पहिल्या दिवशी गेटवरची पाटी वाचायची लाज वाटली होती. पाटीवरची अक्षरे पावसाने पुसट झाली होती. परवा उघडीप मिळाली तेव्हा स्टूल घेऊन ती मीच रंगवली. आता रस्त्याच्या पलीकडून वाचता येते.

तुम्हा दोघांचा,
पप्पा