नेपियरचे वरचे मजले

नेपियर, रविवार

प्रिय शरयू,

आपल्या चारुदत्तनं मला ऑकलंडहून इथं फिरायला आणलं. नव्वदेक वर्षांमागं भूकंपानं हे गाव पार बसलं होतं, ते यांनी पुन्हा उभं केलं. खाली साधी दुकानं, पण मान वर केली की गिलाव्यात उगवते सूर्य, कारंजी, नागमोडी पट्टे! चाळीस वर्षं गिलावा केलेला मी, हात शिवशिवले गं.

वर बघत चाललो आणि फुटपाथची कड चुकली. सपशेल आडवा! गुडघा सोलला. चारुदत्त ओरडला, "बाबा, खाली बघून चाला ना!" त्याला काय सांगू? मी जन्मात कधी खाली बघून चाललोच नाही. माझं कोपर तुझ्या हातात असायचं. रस्ता तूच बघायचीस आणि पुटपुटायचीस, "वर काय देव बसलाय?"

मुंबईत आपल्या लेकीची, प्रणिताची जुळी चालायला लागेपर्यंत तू तिकडं, मी इकडं, हे आपणच ठरवलं. फोनवर मी मजेत असतो. पण हे वाचलंस तर बाळं तशीच सोडून निघशील, म्हणून पत्र बॅगेतच ठेवतो.

उरलेला बाजार मी मान खाली घालून पाहिला. वरचे मजले तू येशील तेव्हासाठी ठेवलेत.

तुझाच, गुडघ्याला पट्टी बांधलेला,
वामन