झाकण उघडलं त्याची हकिकत

इंदोरा, नागपूर
८ जून १९८९

प्रिय कृष्णकांत भाऊजी यांस प्रेमिला वहिनीचा मनापासून जयभीम.

तुमचा खोकला कसा आहे? उमरेडला कोळशाची धूळ आणि त्यात हे ऊन, म्हणजे तो कमी झाला नसणार हे मला न विचारताही माहीत आहे, तरी विचारते. इकडे आईंचे गुडघे बरे आहेत. तुमच्या दादांचं पित्त उन्हाबरोबर चढतं आणि कूलरबरोबर उतरतं. शाळेला सुट्टी असल्यामुळे माझी तब्येत उत्तम आहे. तुमचा कॉम्प्युटरही उत्तम आहे. (हे वाक्य तुम्ही परत वाचाल, म्हणून मीच परत लिहिते : तुमचा कॉम्प्युटर उत्तम आहे. मध्यंतरी काही दिवस नव्हता.)

आता बसून वाचा. उभं राहून वाचण्यासारखं हे पत्र नाही.

ऑफिसच्या लिलावात घेतलेलं ते यंत्र तुमच्या खोलीतल्या धुळीत मरेल म्हणून तुम्ही आमच्या बैठकीत आणून ठेवलंत, आणि एसटीत चढताना पायरीवरून ओरडून सांगितलंत की काही झालं तरी झाकण उघडू नका. सांगितलेलं मी विसरले नव्हते. पण तुम्हीच मला ते चालवायला शिकवलंत, मी आपल्या वधूवर मंडळाची सगळी माहिती त्यात भरली, आणि अध्यक्ष नानाजींनी चारही वस्त्यांत पत्रकं वाटली की या वर्षीचा परिचय मेळावा 'संगणकाद्वारे' होणार. आपल्याकडे कुंडल्या पाहत नाहीत, पण शिक्षण, नोकरी, उंची, गाव एवढं तर पाहतात ना? ते सगळं यंत्र क्षणात जुळवून देणार, असं नानाजींनी भोंग्यावरूनही सांगितलं. (त्यांना स्वतःला त्यातलं काडीचं कळत नाही, पण आवाज खणखणीत आहे.)

आणि मेळावा तोंडावर आलेला असताना एका दुपारी वीज गेली. आली, परत गेली, परत आली. मी बटण दाबलं. आतल्या पंख्यानं एकदा मान हलवली आणि थांबला. पडदा काळा. परत दाबलं, परत तेवढीच मान. जणू मी काही मागितलं आणि तो नाही म्हणाला.

पहिल्यांदा मी तेच केलं जे कोणताही शहाणा माणूस करतो, म्हणजे इस्त्री आणून त्याच प्लगात लावली. इस्त्री तापली. वायर बदलली, पंखा तेवढाच हलला. मग बर्डीच्या बाजारातून एका कंपनीचा माणूस बोलावला. तो टाय लावून आला, दोनदा बटण दाबलं आणि म्हणाला, 'मदरबोर्ड गेला.' म्हणजे आतली मुख्य पाटी, जिच्यावर बाकी सगळं उभं असतं. ती मुंबईहून मागवावी लागेल, पावसाळ्यात कधीतरी येईल. स्क्रू एकही न काढता निदान झालं. आई दारात उभ्या होत्या. तो गेल्यावर मला म्हणाल्या, "मदर म्हंजे माय ना वं? माय गेली म्हनते, अन् नाडी तं पाह्यलीच नाई त्यानं!"

भाऊजी, ते वाक्य माझ्या डोक्यात बसलं.

तुम्ही म्हणाल, फ्लॉपी घेऊन दुसऱ्याच्या कॉम्प्युटरवर का गेला नाहीत? गेले होते. धरमपेठेत एकांचा कॉम्प्युटर क्लास आहे, एसी लावलेला, चपला बाहेर काढायच्या. त्यांनी माझी फ्लॉपी दोन बोटांत धरून विचारलं की हिला काही रोग तर नाही ना, हल्ली कॉम्प्युटरलाही रोग होतात. मी म्हटलं, नाही, ती इंदोऱ्याची आहे. तरी त्यांनी ती आत घातली नाही. आणि तुम्ही असंही म्हणाल की मूळ फॉर्म होतेच की. होते. ते करकरीत जाड कागद आईंना फार आवडले. या वर्षीच्या कुरडया गच्चीवर त्यांच्यावरच वाळल्या. एका बीएड झालेल्या मुलीचं नाव वाचता येतं, पण वडिलांच्या जागी कुरडई चिकटली आहे. (आईंना यातलं काही बोलू नका, त्यांना वाईट वाटतं. कुरडया मात्र चांगल्या फुलतात.)

तेव्हा राहिले कमाल चौकातले भैय्याजी. त्यांना तुम्ही ओळखता, रेडिओ आणि टीव्ही दुरुस्त करतात. ते आले, त्यांनी झाकणावर कान लावला, बाजूनं दोन थापा मारल्या, आणि पंख्यानं मान हलवल्यावर मागे सरकले. "वहिनी, मले टीव्ही सांगा, मले ट्रान्झिस्टर सांगा. याच्यात मी हात नाई टाकत. हे साहेब लोकाईचं काम आहे." मी म्हटलं, हात नका टाकू, तुमचा मीटर आणि डाग द्यायची कावी द्या. त्यांनी दिली. (त्यांच्या चेहऱ्यावरून वाटलं, कोणाच्या तरी हाती बंदूक देत आहेत.)

मी नववीला वीज शिकवते, भाऊजी. दरवर्षी फळ्यावर परिपथ काढते आणि मुलींना सांगते की प्रवाह कुठे अडला हे शोधायचं तर एक-एक भाग बाजूला करून पाहा. इतकी वर्षं फळ्यावरच सांगितलं. त्या दुपारी ठरवलं की एकदा खरं करून पाहू. म्हणजे मी ते झाकण उघडलं.

आत किती धूळ होती म्हणून सांगू! (उमरेडची, आमची नाही.) दाढीच्या ब्रशनं ती झाडली. (दादांच्या. नवा आणून दिला आहे.) स्क्रू पोह्याच्या वाटीत ठेवले आणि ती वाटी आईंच्या हाती लागू नये म्हणून भिंतीवरच्या फोटोमागे ठेवली. मग पाटीत उभी खोचलेली कार्डं एक-एक उपटायची, बटण दाबायचं, पाहायचं. पडद्याचं कार्ड काढलं, पंख्यानं मान हलवली. दुसरं काढलं, मान हलवली. सगळी काढली, तरी तेच. पाटी उघडी-बोडकी पडली आणि मला पहिल्यांदा भीती वाटली. कारण मागून तुमचे दादा आले.

त्यांनी बैठकीतला सगळा पसारा पाहिला आणि रागावले नाहीत. रागावले असते तर बरं झालं असतं. खाली बसले आणि हळूच म्हणाले, "प्रेमिला, ही वस्तू किसनाची आहे. पोरानं पोटाले चिमटा घेऊन घेतली. बिघडली तं बिघडली, पन आपल्या हातानं काहून मारून राह्यली तिले?" बरोबरच होतं त्यांचं. मी एवढंच म्हटलं की ती आत्ता मेलेलीच आहे, आणखी मरणार नाही. आणि मेळाव्याला येणाऱ्या मुलींच्या आईबापांना मी काय सांगू, मुंबईहून मदर येऊ द्या? ते उठून आत गेले. मला वाटलं, झालं. पण आतून ते लाकडी पाट आणि आईंची काठी घेऊन आले. पाट माझ्या पायाखाली सरकवला आणि काठी घेऊन शेजारी उभे राहिले, म्हणजे मला करंट लागलाच तर दुरून ढकलायला. सगळी दुरुस्ती मी काठीच्या पहाऱ्यात केली आहे.

वीज देणाऱ्या डब्यातून पाटीला दोन जाड जोड येतात ना, ते मी उपटले आणि बटण दाबलं. पंखा फिरला! मान हलवून थांबला नाही, गरगर फिरत राहिला. म्हणजे डबा चांगला होता. पाटीवर कुठेतरी थेट जोड, म्हणजे शॉर्ट, झाला होता, त्यामुळे डबा घाबरून स्वतःच बंद पडत होता. मी ओरडले, आई धावत आल्या, दादांनी काठी उगारली.

मग प्लग काढून मीटर लावला. पाच व्होल्टच्या तारेवर काटा जिथे असावा तिथे. बारा व्होल्टच्या तारेवर मात्र काटा शेवटच्या टोकाला जाऊन चिकटला, म्हणजे थेट जोड त्याच वाटेवर. चोराची गल्ली सापडली, घर नाही. त्या बारा व्होल्टच्या वाटेवर तुरीच्या दाण्याएवढे पिवळे मणी बसवलेले आहेत, वीज साठवणारे. त्यातला कोणता तरी आतून जळला असणार, पण दिसायला सगळे सारखेच गोंडस. मीटर लावला तर सगळेच चोर निघतात, कारण सगळे एकाच तारेवर.

एकाचा तरी पाय कापल्याशिवाय कळणार नव्हतं. कूलर बंद होता, कारण त्याचे तुषार पाटीवर उडत होते. घामाचा थेंब पाटीवर पडू नये म्हणून आईंनी माझ्या कपाळाला ओला पंचा बांधला. नेलकटर घेतलं आणि पहिल्या मण्याचा पाय कापला. काटा तिथेच. तो कावीनं परत जोडला (डागाचा गोळा बसला आहे, दिसेल तुम्हाला, हसू नका). दुसऱ्याचा कापला. काटा तिथेच. मी नेलकटर खाली ठेवून पदरानं हात पुसले. दादा म्हणाले, "आता एक काम कर. श्वास घे." मी घेतला. तिसऱ्याचा पाय कापला आणि काटा असा अलगद मागे आला, जसा एखादा माणूस बराच वेळ धरून ठेवलेला राग सोडून खुर्चीत टेकतो.

त्याच्या जागी दुसरा मणी नागपुरात मिळाला नाही. तो नसतानाही चालेल असं माझं गणित सांगत होतं, पण गणित आणि तुमचं यंत्र यांच्यात माझी भीती उभी होती. कार्डं परत खोचली. दोन जाड जोड लावताना काळ्या तारा शेजारी-शेजारी यायला हव्यात, उलट झालं तर सगळंच संपलं. दादा शेजारी उभं राहून "काळ्यापाशी काळी, काळ्यापाशी काळी" असं म्हणत होते. बटण मी दाबलं नाही. आईंना दाबायला सांगितलं.

पंखा फिरला. पडद्यावर कोपऱ्यात आकडे पळायला लागले. मग एक 'पीं' झालं. भाऊजी, एवढासा आवाज, पण मी पाटावर बसून रडले. दादांनी काठी भिंतीला टेकवून ठेवली. आई म्हणाल्या, "उठली वं माय."

मेळावा गेल्या रविवारी छान पार पडला. नानाजींनी भोंगा हातातून सोडला नाही. यंत्रातून काढलेल्या छापील पुस्तिका कमी पडल्या. पुष्कळ घरांनी एकमेकांचे पत्ते नेले. ज्यांच्या नावावर कुरडई चिकटली होती ते त्या मुलीचे वडीलही फ्लॉपीत सुखरूप सापडले.

तर असं झालं. रागावला असाल तर रागवा, पण जेवण सोडू नका. दादांचा आशीर्वाद, आईंची माया.

तुमची,
प्रेमिला वहिनी

ता. क. यंत्र सुरू झाल्यावर छपाई नीट होते का ते पाहायला एखादं नाव भरून बघायला हवं होतं. घाईत तुमचं भरलं. वय दाखल्यावर पस्तीस आहे, आई बत्तीस सांगतात, मी मधलं धरलं. ते पान नंतर काढायचं राहून गेलं आणि पुस्तिकेत गेलं.

ता. क. रामटेककडचे मनोहरराव आणि त्यांची मुलगी गोपिका या रविवारी दुपारच्या एसटीनं तुमच्याकडे येत आहेत. मुलगी नागपूरला टेलिफोन केंद्रात तांत्रिक कामावर आहे. खोली झाडा. दाढी करा. हे पत्र टपालात न टाकता उद्या सकाळच्या कंडक्टरच्या हाती देत आहे, म्हणजे तुम्हाला पत्र मिळालं नाही असं म्हणता येणार नाही.

ता. क. 'अंगचे गुण' या रकान्यात काहीतरी लिहावंच लागतं. मी लिहिलं, 'बंद पडलेला कॉम्प्युटर घरच्या घरी दुरुस्त करतात.' नानाजींनी ते भोंग्यावर दोनदा वाचलं. म्हणून तर एवढं सविस्तर लिहिलं आहे. पाठ करून ठेवा. ती विचारणार.

ता. क. पाकीट चिकटवलं होतं, परत उघडलं. आत्ताच गोपिका सायकलवरून तुमचा पत्ता विचारायला येऊन गेली. यंत्राकडे पाहून तिनं सहज विचारलं की कोणत्या व्होल्टवर अडलं होतं, आणि मी विचार न करता सगळं सांगून बसले, मण्यांसकट, नेलकटरसकट. चहा गार झाला. उठताना ती हसून म्हणाली, "ताई, आता त्याईले पाठ करायले नका लावू. येतोच आम्ही रविवारी." तेव्हा भाऊजी, दुरुस्तीचं नाव काढू नका. काही पाठ करू नका. फक्त नाही म्हणू नका. मला जाऊ पसंत आहे. तुमचं तुम्ही रविवारी पाहा.