बाबा, तुमचा ‘नो बॉल’ अमेरिकेला निघाला!

ती. बाबा,

साष्टांग नमस्कार वगैरे नंतर, आधी बातमी ऐका. तेजसची निवड झाली! अमेरिकेतल्या बेसबॉल क्लबने घेतलं त्याला, पिचर म्हणून, चक्क पगार देऊन! अहो, तुमच्या नातवाला! घाईघाईत लिहितेय, अक्षराला नावं ठेवू नका.

तुम्हाला जाऊन वर्ष होत आलं आणि मी एक ओळ लिहिली नाही. गेलेल्या माणसाला पत्र टाकायचं तरी कुठे? पण आज मॅच संपल्यावर तेजस घामाने निथळत धावत आला आणि म्हणाला, “आई, आजोबांना कळव ना.” मराठीत! इतकी वर्षं मी मराठीत विचारायचं आणि त्याने जर्मनमध्ये उत्तर द्यायचं, आणि आज हे! तुमचा सुधीर तोंड फिरवून गाडीची किल्ली शोधत बसला. किल्ली त्याच्या हातातच होती.

म्हणून लिहायला बसले.

आठवतं ना, पहिल्या उन्हाळ्यात तुम्ही आमच्याकडे जर्मनीत, इंगोलश्टाटला आलात ते? सुधीर सकाळीच प्लांटवर, मी माझ्या ऑफिसात, आणि हा पोरगा दिवसभर गॅरेजच्या भिंतीवर बेसबॉल आपटत. धप्प, धप्प! शेवटी एका रविवारी दुपारी वरच्या मजल्यावरच्या फ्राऊ लांग, म्हणजे लांगबाई, दारात. “रूहेत्साइट!” इथे रविवार म्हणजे शांततेचा वार, भिंतीत खिळासुद्धा ठोकायचा नाही. मी तेजसच्या हातातून बॉल हिसकावणार, तेवढ्यात तुम्ही चपला सरकवून खाली उतरलात आणि भिंतीपुढे जाऊन उभे राहिलात. “टाक माझ्या हातात. भिंत आवाज करते, मी नाही करत.”

मोकळ्या हातांनी, बाबा! त्या टणक बॉलला! मी ग्लोव्ह आणून दिला, तर म्हणालात, “मी अंपायर आहे, विकेटकीपर नाही.” उभी हयात पुण्याच्या मैदानांवर पांढरा कोट घालून अंपायरिंग केलेला माणूस, तो सुनेचं ऐकतोय कशाला! रात्री तळवे लालबुंद, वरणभात कालवता यायचा नाही. मी तूप चोळताना बडबड बडबड बडबडायचे, आणि तुम्ही आपले, “पोराचा नेम सुधारतोय गं.” सुधारणार नाही तर काय? चुकला तर बॉल आजोबांच्या नाकावर!

पण तुमचं ते कोपराचं खूळ! बेसबॉलमधला पिचर म्हणजे आपला बोलरच, फक्त टप्पा नसतो आणि हात वाकवून फेकायचं असतं. ते फेकणं काही तुम्हाला पचेना. क्रिकेटमध्ये कोपर वाकवून बॉल टाकणं ही तुमच्या लेखी पाकीटमारीच. “हात सरळ!” असं इतकं घोकवलंत, की पोरगा क्लबात जाऊन लांबून पळत आला आणि हात गरागरा फिरवून बॉल टाकला. कोचचा मला फोन! “खांदा दुखावलाय का त्याचा?” हसावं की रडावं, कळेना.

आणि ती पहिली मॅच! तोवर फ्राऊ लांगशी तुमची भाषेवाचून गट्टी जमली होती, त्यांचा सफरचंदाचा केक खाली यायचा, आपल्या चकल्या वर जायच्या. त्याही आल्या होत्या बघायला. तेजसने पहिला बॉल टाकला आणि तुम्ही ताडकन उठलात, हात आडवा लांब. “नोऽऽ बॉल!” सगळं स्टँड वळून तुमच्याकडे बघायला लागलं. मी तुमचा हात धरून खाली ओढला. “अहो बाबा, या देशात असा हात लांब करायचा नसतो!” “का? अंपायरने नो बॉल द्यायचा नाही?” आता तिथे हिटलरपासूनचा अख्खा इतिहास सांगत बसू?

हात खाली आला, तोंड थोडंच बंद होणार? प्रत्येक बॉलला “नो बॉल!” फ्राऊ लांगना वाटलं, हा इंडियातला गजर असेल. त्याही सुरू! मग बाकीचे आईबापही सुरू. मी समजावून सांगायला उठले, तर तेजसनेच मैदानातून डोळे वटारले, ओरडू दे म्हणून. आणि तुम्ही माझ्या कानाशी लागून म्हणालात, “बघितलंस? एवढ्या जर्मनांना कळतंय, तुझ्या लेकाला कळत नाही.” अहो, ते शाबासकी देत होते त्याला! घ्या, आज सांगून टाकलं.

पण एक सल आहे, स्पष्टच बोलते. तीन उन्हाळे तळहात सोलून घेतलेत, पण एकदा तरी पोराला “छान टाकलास” म्हणालात? नो बॉलवर विकेट नाही, म्हणजे तुमच्या हिशेबी तेजसने आजवर कुणाला आउटच केलेलं नाही! असं कुठे असतं का? प्रत्येक मॅचनंतर तो आधी तुमच्या तोंडाकडे बघायचा. दिसायचं मला.

मग तो शेवटचा फोन. पुण्याच्या हॉस्पिटलमधून, किती खोल गेला होता तुमचा आवाज. “तेजस, कोपर अजून वाकतं का रे?”

“या, आजोबा.” जर्मन ‘या’, म्हणजे हो.

तुम्ही खोकलात, मग म्हणालात,

“वाकू दे मग. पण बॉल माझ्या हातात आला पाहिजे.”

तेजस फोन ठेवून गॅरेजपाशी जाऊन बसला. मी त्याच्या मागे गेले नाही.

आणि आज! त्या क्लबने पोरं हेरायला पाठवलेला अमेरिकन माणूस जाळीमागे वेग मोजायचं यंत्र घेऊन बसलेला. शेवटचा डाव, आपली एका धावेची आघाडी, तिन्ही बेसवर त्यांची माणसं, समोर त्यांचा शेवटचा, ताडमाड बॅटर. एक फटका बसला की मॅच गेली, अमेरिकाही गेली. तेवढ्यात फ्राऊ लांग उठल्या. “नो बॉल!” अख्खं स्टँड उठलं! अमेरिकन बघतच राहिला, हे काय ओरडतायत म्हणून. पहिला बॉल, बॅट हवेत. दुसरा, पुन्हा हवेत. तिसऱ्याला मी डोळेच मिटले, बाबा. फक्त आवाज ऐकला. कॅचरच्या ग्लोव्हमध्ये, धप्प! तीन हुकले की बॅटर आउट, मॅच आपली!

गाडीत विचारलं, “भीती नाही रे वाटली?” मराठीचा कोटा संपला होता, जर्मनमध्ये म्हणाला, “बॅटर दिसतच नव्हता. आजोबांचे हात दिसत होते.” मी ढसाढसा रडले, आणि लगेच हसायलाही लागले. काय झालं होतं मला कोण जाणे.

तर बाबा, आता शब्द देते. त्याच्या तिथल्या पहिल्या मॅचला मी जाणार म्हणजे जाणार, तुमची अंपायरची पांढरी टोपी घालून. लोकांनी वेड्यात काढलं तरी बेहत्तर. पहिल्याच बॉलला उभी राहून घसा फाटेपर्यंत ओरडेन, “नोऽऽ बॉल!” ओरडायचं काम माझ्याकडे लागलं. तुम्ही तेवढे हात पुढे धरून ठेवा.

तुमची भांडखोर सून,
वृंदा