सुई टोचण्याआधी

माय, काल गंगाखेडला तुझ्याबद्दल बोललो. वर्तमानपत्रातली नोकरी संपल्यापासून मी गावोगाव एकच गोष्ट सांगत हिंडतो: शेवटच्या दिवसांत काय हवं, काय नको, हे आजारी माणसाला शुद्धीत असतानाच विचारा आणि लिहून ठेवा. सुरुवात तुझ्यापासूनच करतो. ताडकळसला तू नर्स होतीस आणि सुई टोचण्याआधी प्रत्येकाला विचारायचीस, "देऊ का?" रडणाऱ्या पोरालाही, ग्लानीतल्या म्हाताऱ्यालाही. मान हलेपर्यंत थांबायचीस. मला ती नुसती सवय वाटायची. ती केवढी मोठी गोष्ट होती, हे तुझ्या आजारपणात कळलं.

पोटातली गाठ पसरल्याचं डॉक्टरांनी आम्हा दोघा भावांना बाहेर बोलावून सांगितलं. आपल्याकडे असंच चालतं. ज्याचं मरण, त्यालाच सांगत नाहीत. आम्ही ओसरीवर कुजबुजत होतो आणि तू आतून म्हणालीस, "काय लपवायलाव रे? केसपेपर कालच वाचलाय मी. जन्मभर दुसऱ्याचे वाचले, माझा वाचता येईना का?"

पुढच्या बाजाराच्या दिवशी तू गावाला चहाला बोलावलंस. अंगणात खाट, खाटेवर तू, समोर अंगणभर माणसं. शेजारचे आबा म्हणाले, "बाई, तेराव्याचा चहा आताच पाजायलाव का?"

"तेराव्याला मी नसते, आजच प्या," तू म्हणालीस आणि हसू ओसरायच्या आत बोलायला लागलीस. "मला नांदेडला न्यायचं न्हाई. नळ्या लावायच्या न्हाईत. दुखू नये एवढं औषध द्या अन् याच खाटेवर राहू द्या. शुद्धीत सांगायलेय मी हे. उद्या कुणी म्हणलं, पोरायनी मायला दवाखान्यात नेलं न्हाई, तर त्याचं तोंड तुमी धरा."

ज्या बोलाची आम्हाला भीती होती, तो तू जिवंतपणीच गावासमोर पुसून टाकलास. मग आबा हळूच म्हणाले, "बाई, माझंबी असंच लिहून घ्या." जन्मभर मी सभांच्या बातम्या लिहिल्या, तशी सभा पुन्हा पाहिली नाही.

इथपर्यंत मी सगळीकडे सांगतो आणि थांबतो. काल सगळे उठल्यावर एक बाई जवळ आली. तिचा नवरा अंथरुणाला खिळलेला, घरात दोन मतं पडलेली. तिनं विचारलं, "मग तुमच्या मायचं तसंच झालं का?"

त्या चहानंतर काही दिवसांनी, एका दुपारी तुझ्या छातीत घरघर सुरू झाली आणि नांदेडला न्यायला गाडी मीच बोलावली. भाऊ नको म्हणत होता. तुला बोलता येत नव्हतं, पण मान हलवता येत होती. मी विचारलं नाही. गाडीत तू माझ्याकडे बघतेस, तुझा हात वर येतो, मला वाटतं आता ढकलशील. तू माझी दुमडलेली कॉलर सरळ करतेस. शेवटचे तीन दिवस तू काचेपलीकडे होतीस, नळ्यांमध्ये.

त्या बाईला मी म्हणालो, "हो, तसंच झालं." तिचा चेहरा सैल झाला. ती बस गाठायला निघून गेली.

हा कागद मी कुठे छापायला देणार नाही, भावालाही दाखवणार नाही. गुरुवारी चुडाव्याला बोलायचंय. तिथं कुणी विचारलं, तर बहुतेक पुन्हा हो म्हणेन.