पालीची किंचाळी

९ मार्च, सकाळ

प्रिय ताई,

नमस्कार. फाडू नकोस, आधी वाच. एकोणीस वर्षांनी माझं अक्षर बघून तुला धक्का बसेल, पण मला कालपासून जो बसलाय त्यापुढे तो काहीच नाही.

माझं बरं चाललंय. गुडघे कुरकुरतात. सध्या बाविसावा भुताचा सिनेमा चालू आहे. मेकअपवाली म्हणते, आता तुम्हाला भूत करायला पूर्वीइतका वेळ लागत नाही. मेली!

काल साउंडवाल्या काकांनी बोलावलं. माझा पहिला सिनेमा पुन्हा लागणार आहे, त्याचा आवाज ते साफ करताहेत. तोच, विहिरीवरच्या किंचाळीचा. त्या एका किंचाळीवर माझं सगळं उभं राहिलं. अजून लोक रस्त्यात अडवून म्हणतात, एकदा ओरडून दाखवा ना.

काका सहज म्हणाले, "बाई, ती तुमची कुठे? तुमची उंदरासारखी आली होती. ही तुमच्या ताईंची. तुमच्या सोबतीला आल्या होत्या ना, बाहेर फोनवर होत्या, सेटचं दार उघडं, आमचा माइक चालू. झकास आली, म्हणून तीच लावली."

फोन कसला होता ते त्यांना ठाऊक नव्हतं. बाबा गेल्याचा.

ताई, मी म्हटलं, पूर्ण टेप लावा. कुठून बुद्धी झाली!

तुझ्या किंचाळीनंतर माझा आवाज आहे. "ताई ओरडली वाटतं." दिग्दर्शक विचारतात, "बघून यायचंय?" आणि मी हसते. हसते गं! "नको, पाल दिसली असेल तिला. शॉट घेऊ या." मग दार लागल्याचा आवाज.

तू तेव्हा सांगत होतीस, दारापर्यंत आले होते, शूटिंगचा लाल दिवा लागला होता, कुणी आत सोडेना, म्हणून एकटीच घरी निघाले. मी चारचौघांत तुला खोटारडी म्हटलं. मुद्दाम कळवलं नाहीस, बाबांचं तोंडही बघू दिलं नाहीस, म्हटलं. अबोलाही मीच धरला.

मला काही आठवतच नव्हतं, असं लिहिणार होते. तेही खोटं. पालीचं बोलले होते ते मला आठवत होतं. रोज नाही, पण आठवत होतं. तुझ्यावर चिडून राहिलं की ते आठवायला लागत नसे.

सोमवारी सिनेमाचा आवाज कायमचा पक्का होईल. काल मी स्वतः ओरडून पाहिलं, सात वेळा. तीच उंदरासारखी. काका हसले, मग माझ्याकडे बघून त्यांनी माइक बंद केला.

ती किंचाळी तुझी आहे. ठेवायची की काढायची, तू सांग. काढ म्हणालीस तर माझी लावू. लोक हसतील, हसू देत.

सोमवारच्या आत फोन कर. काही बोलू नकोस हवं तर. नुसती हाक मार. शॉट चालू असला तरी येईन.

तू ओरडलीस ते ऐकूनही न आलेली,
तुझी धाकटी